ड्राफ्टबाहेरचा फुलबॅक: तालमीतल्या गड्यानं तयारी कशी करायची

अमेरिकन फुटबॉलमधला फुलबॅक म्हणजे चेंडू घेऊन पळणाऱ्याच्या पुढं पळणारा आणि वाटेतला पहिला माणूस बाजूला काढणारा गडी. चेंडू त्याच्या हाती क्वचितच येतो. एनएफएल या अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगच्या ३२ संघांपैकी बऱ्याच संघांत ही जागाच उरलेली नाही, म्हणून तिच्यावर ड्राफ्टमधली (संघांनी पाळीपाळीनं नवे खेळाडू उचलायची वार्षिक फेरी) निवड सहसा कुणी घालवत नाही. २०२५ च्या ड्राफ्टमध्ये सात फेऱ्यांत २५७ खेळाडू उचलले गेले, पण फुलबॅकसाठी खरी भरती ड्राफ्ट संपल्यावरच्या फोनवर होते. व्हॉन्टा लीच २००४ मध्ये, सी. जे. हॅम २०१६ मध्ये आणि पॅट्रिक रिकार्ड २०१७ मध्ये याच दारानं आत आले आणि तिघंही प्रो बोलपर्यंत, म्हणजे हंगामातल्या निवडक खेळाडूंच्या मानाच्या यादीपर्यंत, पोचले. रिकार्ड तर कॉलेजात बचावफळीत खेळायचा. बाल्टिमोरच्या संघानं त्याला पलीकडच्या बाजूला आणून फुलबॅक केला.

बीड, लातूर, धाराशिवकडच्या तालमीत किंवा कबड्डीच्या संघात १०० किलोच्या वरचा, पायानं चपळ गडी असेल तर ही माहिती त्याच्यासाठी आणि त्याच्या वस्तादासाठी आहे. तयारीचा क्रम आधीच ठरवून घ्या. पहिली किक-पंटची पथकं (चेंडू लाथेनं मारायच्या वेळी उतरणारी; पंट म्हणजे हातातून सोडून लांब मारलेली लाथ), मग ब्लॉक, म्हणजे समोरच्याला अडवणं, मग झेल, आणि चेंडू घेऊन पळणं शेवटी. बहुतेक पोरं हा क्रम उलटा धरतात, आणि तिथंच वर्ष-दोन वर्षं वाया जातात.

आपल्या खेळातलं काय चालतं, काय नडतं

कबड्डीतला डॅश फुलबॅकच्या धडकेला सगळ्यात जवळचा. रेडर रेषेकडं सरकला की त्याला न धरता खांद्या-छातीनं बाहेर घालवायचं, तेच इथं. अडचण वजनाची आहे. राष्ट्रीय कबड्डीत पुरुषांना ८५ किलोची मर्यादा असते, तर फुलबॅक साधारण ११० ते ११५ किलोचा लागतो, उंची सहा फुटांच्या आसपास. कुस्तीतून कंबर खाली ठेवायची सवय मिळते, मानही तयार असते. पण मल्लाचा हात आपोआप पट काढायला जातो. फुटबॉलमध्ये ब्लॉक करताना समोरच्याला धरून ओढलं की होल्डिंग, संघ दहा यार्ड मागं. हात त्याच्या छातीच्या चौकटीतच राहिले पाहिजेत, कोपरं बरगड्यांजवळ, अंगठे वर. पहिले तीन महिने मुठी वळून सराव केला तर धरायची खोड लवकर सुटते.

२०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये फ्लॅग फुटबॉल (पाडण्याऐवजी कमरेची पट्टी ओढून थांबवायचा प्रकार) आहे. तो निर्णय ऑक्टोबर २०२३ मध्ये मुंबईतल्याच अधिवेशनात झाला. मात्र त्या प्रकारात पाच-पाच खेळाडू असतात आणि ब्लॉकिंग नसतं, म्हणजे फुलबॅकही नसतो. शाळेत फ्लॅग आलं तर झेल आणि वळणं त्यातून जरूर शिकावीत. धडक तिथं मिळणार नाही.

उभं राहणं आणि पहिलं पाऊल

मैदानावर फक्कीची एक रेघ मारा, ती चेंडूची रेघ. तिच्या मागं चार यार्डांवर, म्हणजे साधारण ३.६५ मीटरवर फुलबॅक. त्याच्या मागं, रेघेपासून सात यार्डांवर (६.४ मीटर) चेंडू घेणारा. पाय खांद्यांएवढे रुंद, एका पायाचा चवडा दुसऱ्याच्या मध्याशी. एक हात जमिनीला टेकवायचा तो बोटांच्या टोकांवर. हातावर भार पडला की गडी सरळ पुढंच जाऊ शकतो, डावी-उजवीकडं निघताना अर्धं पाऊल उशीर होतो. शिवाय बोटांची नखं पांढरी पडलेली समोरचा लाइनबॅकर (बचावाच्या पहिल्या फळीमागं उभा असलेला गडी) ओळखतो आणि डाव त्याला आधीच कळतो. नजरेचंही तसंच. जिथं जायचं त्या फटीकडं बघायचं नाही.

पहिलं पाऊल वीतभर, जायच्या दिशेनं. इथली हमखास चूक म्हणजे निघताना एक पाय मागं टाकणं. धावपटूला ते सुचतंच, पण चार यार्डांच्या कामात ते परवडत नाही. मागच्या टाचेच्या बोटभर मागं एक खापरीचा तुकडा ठेवा. तुकडा वाजला की ते निघणं मोजायचं नाही. दिवसाला ४० वेळा निघणं, २० डावीकडं आणि २० उजवीकडं, आठवड्यातून तीन दिवस, एवढं पुरे.

जागा मुरमाच्या मैदानावर बघा. काळ्या रानात उन्हाळ्यात भेगा पडलेल्या असतात, घोटा तिथंच जातो. पावसाळ्यात तीच माती बुटाला किलोकिलोनं चिकटते.

दोराखालून

अमेरिकेत यासाठी लोखंडी पिंजरा असतो. आपल्याकडं चार बांबू आणि सुतळी पुरते. दोन बांबू सुरुवातीला, दोन तीन मीटर पुढं, प्रत्येक जोडीत दीड मीटर अंतर. जमिनीपासून १२० सेंटिमीटरवर दोन्ही जोड्यांना आडवी सुतळी बांधा. ती कच्चीच असू द्या, डोकं लागलं तर तुटली पाहिजे. दोर किंवा तार नको. गड्यानं खालून निघून तीन पावलांत पलीकडं यायचं आणि तिथं टांगलेल्या पोत्याला भिडायचं.

पोतं असं करा: तागाचं बारदान, मधे १५-२० किलो रेतीची घट्ट बांधलेली पिशवी, भोवती सोयाबीनचं भुसकट ठासून, वरून जुनी वाकळ गुंडाळून दोरीनं आवळायची. रेती थेट भरली तर पोतं दगडासारखं होतं, खांदा सोलतो. नुसतं भुसकट भरलं तर ते उडून जातं आणि गड्याला उगाच जोर आल्यासारखा वाटतो. लिंबाच्या जाड फांदीला टांगा, तळ गुडघ्याच्या उंचीवर. छातीच्या उंचीवर गेरूचा पट्टा ओढा. हात त्या पट्ट्याच्या खालून वर गेले पाहिजेत.

सुतळीला न लागता गडी पलीकडं आला म्हणजे जमलं असं नाही. निम्मे गडी कमरेत वाकून, मान खाली घालून येतात. वस्तादानं पोत्याच्या मागं उभं राहून बघायचं: छातीवरचा नंबर वाचता आला तर गुडघे वाकलेत, फक्त टाळू दिसली तर कंबर वाकलीय. दुसऱ्या प्रकारात धडक डोक्यानं बसते. त्यातून मानेला इजा होते, आणि २०१८ पासून एनएफएलमध्ये हेल्मेट खाली करून भिडल्यास १५ यार्डांचा दंडही आहे. मान खाली जातेय तोवर पोत्याकडं जायचा वेग वाढवू नका.

हेल्मेट आणि खांद्याचे पॅड नसतील तर माणसाला पूर्ण वेगात भिडायचंच नाही. धडकेनंतर हातातून करंट गेल्यासारखी झिणझिणी आली किंवा डोकं गरगरलं तर सराव त्या दिवसापुरता बंद आणि डॉक्टर. पाणी मारून परत उतरवायचं नाही.

दोन धडका, दोन वाटा

फुलबॅकचं पोट मुख्यतः दोन ब्लॉकवर चालतं. पहिला आयसो: सरळ फटीतून आत जाऊन लाइनबॅकरला गाठायचं. लाइनबॅकरही पळत येत असतो, म्हणून भेट फटीच्या आत नाही तर पलीकडं झाली पाहिजे. अलीकडं झाली तर फट बुजते आणि मागून येणारा आपल्याच पाठीवर आदळतो. ज्या बाजूचा खांदा, त्याच बाजूचं पाऊल जमिनीवर असताना धडक द्यायची. धडकेनंतर पाय थांबले की काम फसलं. लहान लहान पाच-सहा पावलं चालूच ठेवायची. समोरचा उडाला नाही तरी तो जागचा हलला की पुरे.

दुसरा किक-आउट: बचावफळीच्या टोकाला उभ्या असलेल्या डिफेन्सिव्ह एंडला बाहेर ढकलायचं, चेंडूवाला त्याच्या आतून जातो. इथं वाट महत्त्वाची. सरळ रेषेत त्याच्याकडं गेलात तर तो आत घुसून तुमच्यासमोरून डाव मोडतो. आधी आपल्या लाइनच्या (चेंडूच्या रेघेवर ओळीनं उभ्या असलेल्या आपल्या गड्यांच्या) पाठीला घासत जायचं आणि मग आतून बाहेर भिडायचं. डाव उजवीकडं असेल तर उजवा खांदा लावायचा आणि डोकं आतल्या बाजूला, फटीकडं. डोकं बाहेरच्या बाजूला गेलं की एंड आतून निसटतो. चुन्यानं ही वाकडी वाट आखून घ्या आणि आधी चालत, मग पळत, रोज बारा-बारा वेळा करा.

झेलासाठी वेगळा दिवस काढायची गरज नाही. धडकेचं नाटक करून बाजूला पाच यार्ड सटकायचं आणि मान वळवून चेंडू घ्यायचा, असे ३० चेंडू रोज सरावाच्या शेवटी, दमलेले असताना.

किक आणि पंटची पथकं

ड्राफ्टबाहेरच्या फुलबॅकला संघात ठेवायचं की नाही हे हल्ल्याचा कोच एकटा ठरवत नाही. सामन्याच्या दिवशी ४७ किंवा ४८ जणच खेळायला मोकळे असतात, त्यात दहा-पंधरा वेळा ब्लॉक करणाऱ्याला जागा द्यायची तर त्यानं बाकीच्या वेळी पण काम केलं पाहिजे. पथकं सहा: किक मारणं, किक परतवणं, पंट, पंट परतवणं, फील्ड गोल (खांबांमधून चेंडू मारणं) आणि तो अडवणं. यातल्या किमान चारांत नाव हवं. पंटमध्ये पंटरच्या पुढं उभा राहून संरक्षण लावणारा माणूस बरेचदा फुलबॅक असतो. तो मोठ्यानं आकडे सांगतो, कुणी कुणाला घ्यायचं ते ठरवतो. म्हणून इंग्रजीतले हुकूम ऐकताक्षणी कळले पाहिजेत, भाषांतर करायला वेळ नसतो.

२०२४ पासून किकऑफची मांडणी बदललीय. दोन्ही बाजू समोरासमोर जवळ उभ्या राहतात आणि चेंडू पडेपर्यंत किंवा कुणी घेईपर्यंत हलायचं नाही. लांबची धाव गेली, जवळची भिडंत आली. वजनदार, कमी अंतरात चपळ असलेल्या गड्याला हे फायद्याचं आहे.

फोन, करार आणि कपात

ड्राफ्टची सातवी फेरी चालू असतानाच एजंटला संघांचे फोन येऊ लागतात. बोनस हजारो डॉलरांत असतो, लाखांत नाही. तो बघून संघ निवडू नका. संघ खरंच फुलबॅक खेळवतो का, आणि हंगामाआधीच्या सराव छावणीत आधीचे फुलबॅक किती आहेत, हे दोनच प्रश्न विचारा. एजंट खेळाडू संघटनेचा मान्यताप्राप्त हवा. त्याचं कमिशन जास्तीत जास्त तीन टक्के असतं आणि ते तुमच्या पगारातून, नंतर. ट्रायलसाठी आधी पैसे मागणारा माणूस एजंट नव्हे.

करार तीन वर्षांचा असतो, पण त्याला हमी जवळपास नसते. छावणीत ९० जण असतात, ऑगस्टअखेर ५३ उरतात. कापल्यावर इतर संघांना २४ तास तुमच्यावर दावा सांगता येतो. कुणी घेतलं नाही तर सराव पथकाची (संघाबरोबर सराव करणारे, पण ५३ मध्ये नसलेले) वाट, त्यात १६ जागा. २०२५ चा हिशेब असा: ५३ मध्ये असलेल्या नवख्याला हंगामाला किमान ८,४०,००० डॉलर, तर सराव पथकात आठवड्याला १३,०००, म्हणजे १८ आठवडे पूर्ण भरले तर २,३४,०००. सराव पथकातून सामन्यासाठी वर घ्यायला एका संघाला एका खेळाडूमागं तीनच संधी असतात. चौथ्यांदा हवा असेल तर ५३ मध्येच घ्यावं लागतं.

दुखापत झाली तर त्याच दिवशी संघाच्या ट्रेनरकडं नोंदवा. जागा जाईल या भीतीनं दुखणं लपवलं आणि जाताना तंदुरुस्त म्हणून सही केली की नंतर भरपाईचा दावा उरत नाही.

भारतातून थेट जाण्याची खरी वाट एनएफएलचा इंटरनॅशनल प्लेअर पाथवे, तो २०१७ पासून आहे. या खेळाडूंसाठी सराव पथकात सतरावी जागा मिळते. जर्मनीतल्या श्टुटगार्टचा याकोब जॉन्सन २०१९ मध्ये याच वाटेनं न्यू इंग्लंडच्या संघात गेला. तिथला फुलबॅक जेम्स डेव्हलिन मानेच्या दुखापतीनं बाहेर झाला आणि याला जागा मिळाली. डेव्हलिन स्वतः २०१० चा ड्राफ्टबाहेरचा, कॉलेजात बचावफळीतला. चाचणीत ४० यार्डांची धाव (३६.६ मीटर), १०२ किलोचा बेंच प्रेस आणि उड्या बघतात. फुलबॅकनं धावेत ४.७ ते ४.९ सेकंद आणि बेंचवर २० च्या वर उचलणी हे लक्ष्य धरावं.

वजन वाढवताना आठवड्याला पाव ते अर्धा किलो, त्यापुढं फक्त पोट वाढतं. १०० किलोच्या गड्याला रोज १६० ते २०० ग्रॅम प्रथिनं लागतात. १०० ग्रॅम सोयाबीन वडीतून पन्नासेक, १०० ग्रॅम शेंगदाण्यांतून पंचवीस, लिटरभर दुधातून तीसेक ग्रॅम निघतात. बाकी अंडी, डाळ, मटण. भाकरी कमी करायची नाही, पळायचा जोर तिच्यातूनच येतो. एप्रिल-मेमध्ये सराव सकाळी साडेआठच्या आत संपवा आणि आधी-नंतर वजन करा. किलोभर घटलं तर दीड लिटर पाणी, चिमूटभर मीठ घालून.

हंगाम सुरू झाल्यावर संघ बाहेरच्या खेळाडूंना बहुतेक मंगळवारी बोलावून बघतात, आणि फोन सोमवारी रात्री येतो. पासपोर्ट, व्हिसाची कागदं, दोन जोड बूट (एक लांब खिळ्यांचा) आणि पायाला बसलेला घोट्याचा पट्टा एकाच बॅगेत भरून ठेवा. नवे बूट त्या दिवशी पहिल्यांदा घालू नका.