कॉर्निश पॅस्टी घरी करताय? या चुका टाळा

पॅस्टी म्हणजे मांस-बटाट्याचं सारण भरून ओव्हनमध्ये भाजलेली मोठी करंजीच. ती बिघडली की आपण ओव्हनला बोल लावतो. खरं तर ती बिघडलेली असते आधीच, ओट्यावर, सारण करताना. आपल्या हाताला सामोशाची सवय: सारण परतायचं, गार करायचं, मग भरायचं. पहिल्या वेळी मीही तेच केलं. मांस, बटाटा, कांदा छान परतून घेतला, चव पाहिली, भरलं आणि भाजलं. कापून बघितलं तर मांसाचे कोरडे दोरे आणि बटाट्याचा लगदा. रस कुठेच नाही.

इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाला, कॉर्नवॉलमध्ये, सारण कच्चंच भरतात. मांस कच्चं, बटाटा कच्चा, कांदा कच्चा. सगळं पारीच्या आत, स्वतःच्याच वाफेवर शिजतं आणि मांसाचा रस बटाट्यात उतरतो. पारी हेच भांडं आणि तिची मुरड हेच झाकण. एवढं डोक्यात पक्कं बसलं की पुढच्या बहुतेक चुका होतच नाहीत.

खिमा आणि मोठ्या फोडी

खिमा घालू नका. तो आत घट्ट गोळा होऊन बसतो. तिथे गाईगुरांच्या पोटाखालचा ‘स्कर्ट’ नावाचा तुकडा घेतात, कारण त्याला भरपूर रस सुटतो आणि तो भाज्यांबरोबरच शिजून होतो. हाताने कापलेले छोटे तुकडे हवेत, साधारण हरभऱ्यापेक्षा थोडे मोठे. महाराष्ट्रात बकऱ्याचं मटण वापरणार असाल तर कोवळं, मांडीचं घ्या, शिरा आणि पापुद्रे काढून टाका आणि तुकडे आणखी बारीक करा. जून मटण पाऊण-एक तासात कच्च्याचं मऊ होत नाही, मग पारी करपते आणि मटण चिवटच राहतं.

बटाट्याच्या फोडी करू नका, काचऱ्या करा. भाजीला करतो तशाच, पण जरा ओबडधोबड. पिठूळ बटाटा विरघळतो, म्हणून शिजल्यावर आकार धरणारा, चिकट जातीचा घ्या. तिसरी भाजी म्हणजे स्वीड: पिवळ्या गराचा, सलगमाच्या कुळातला कंद. गंमत म्हणजे कॉर्नवॉलचे लोक त्याला ‘टर्निप’च म्हणतात. आपल्याकडे स्वीड सहसा मिळत नाही, त्याऐवजी सलगम किंवा नवलकोल चालतो. गाजर मात्र नको. त्याचा गोडवा सगळ्या सारणावर चढतो, आणि कॉर्निश माणसाला पॅस्टीतलं गाजर अजिबात खपत नाही. मटारही नको. आलं-लसूण, गरम मसाला घातलात तर ती तुमची वेगळी पॅस्टी होईल, चवीला चांगलीही होईल. पण मूळ चव मीठ आणि भरपूर मिरपूड यांचीच आहे, आणि ती एकदा तरी तशीच चाखावी असं मला मनापासून वाटतं.

मीठ आधी लावून ठेवणं ही आणखी एक नेहमीची चूक. मिठाने बटाटा-कांद्याला पाणी सुटतं, ते पारीत मुरतं आणि खालची बाजू गिच्च होते. थर लावतानाच मीठ-मिरपूड भुरभुरा आणि लगेच मिटा.

कडकडीत मोहन

करंजीचं पीठ भिजवणारा हात इथे सवयीने कडकडीत मोहन घालतो. तसं केलंत तर पारी खुसखुशीत होईल खरी, पण ओलं, जड सारण तिला पेलवणार नाही. पॅस्टीला ताण असलेलं पीठ लागतं. म्हणून तिथे पावाचं पीठ, म्हणजे ब्रेड फ्लोअर वापरतात. ५०० ग्रॅम पिठाला चरबी आणि मार्गारीन मिळून साधारण १४५ ग्रॅम, आणि सुमारे १७५ मिलिलिटर गार पाणी. चरबी परंपरेने डुकराची. ती नको असेल तर गार लोणी घ्या. चरबी गारच असू द्या, पिठात हलकेच चोळा, मग पाणी घालून चांगलं मळा. हो, मळा. एरवी ‘पाय’ (pie) या सारण भरून भाजायच्या पदार्थाचं पीठ मळू नये म्हणतात, पॅस्टीला ते लागू नाही. मग फ्रिजमध्ये तीन तास झाकून ठेवा. घाईत लाटलेली पारी आखडते आणि मिटताना फाटते.

कातण बाजूला ठेवा

कडा कातणाने कापून सोडू नका, साचाही नको. नुसती दाबलेली कड कच्च्या मांसाच्या वाफेपुढे टिकत नाही. ट्रेवर चर्र आवाज आला आणि तपकिरी रस जळून चिकटला, की समजा कड उघडली. आपली मुरड इथे उपयोगी पडते. कडेला सारणाचा कण किंवा तेलकटपणा राहू देऊ नका, पाण्याचं बोट फिरवा, कडा घट्ट दाबा. मग एका टोकापासून अंगठ्याने कड आत दुमडा, तर्जनीने दाबा, पुढची दुमड तिच्यावर चढवा. दोन्ही टोकं खाली वळवून घ्या. माझ्या मते मुरडीच्या कानवल्याची सवय असलेला हात हे पहिल्या तीन पॅस्टीतच शिकतो. मुरड बाजूला हवी, डोक्यावर नको. २०११ मध्ये ‘कॉर्निश पॅस्टी’ला भौगोलिक संरक्षण मिळालं, त्याच्या नियमातही आकार इंग्रजी ‘डी’सारखा आणि मुरड कडेला असंच आहे. विक्रीसाठी हे नाव कॉर्नवॉलमध्ये बनलेल्या पॅस्टीलाच लावता येतं.

ही जाड मुरड खाणकामगारांची मूठ होती, आर्सेनिक लागलेल्या हातांनी धरून शेवटी फेकायची, असं सांगतात. जुन्या छायाचित्रांत मात्र कामगार पॅस्टी कागदात किंवा कापडी पिशवीत धरून खाताना दिसतात. तेव्हा मुरड कच्ची राहील इतकी जाड करू नका, ती खायचीच आहे.

भाजताना

वर अंडं किंवा दूध लावा, एक छोटी चीर द्या. पंख्याच्या ओव्हनमध्ये १६५ अंशांवर ५० ते ५५ मिनिटं. रंग आला म्हणून अर्ध्या तासात काढू नका: सारण कच्चं होतं हे विसरायचं नाही. चिरेतून सुरी घाला, बटाटा सहज टोचला गेला पाहिजे. थर्मामीटर असेल तर मध्यभागी ७५ अंश बघा. छोट्या ओटीजीत वरची सळई जवळ असते, त्यामुळे ट्रे खालच्या खणात आणि वरून फॉइल सैलसर. ट्रे आधी तापवून घेतला तर तळ ओला राहत नाही.

काढल्यावर दहा-पंधरा मिनिटं थांबा, आतला रस पोळतो. उरलेली मायक्रोवेव्हमध्ये घालू नका, पारी चामड्यासारखी होते.

आणि घरात कुणी बीफ, कुणी मटण, कुणी नुसत्या भाज्यांची खाणारं असेल, तर भाजल्यावर सगळ्या सारख्याच दिसतात. खाणकामगारांच्या घरी पॅस्टीच्या एका कोपऱ्यावर ज्याची त्याची आद्याक्षरं काढत, असं सांगतात. उरलेल्या पिठाची अक्षरं कापून, दूध लावून चिकटवा. ओव्हनमध्ये जायच्या आधी.