अल्बेनियन वाक्य अडलं तर अर्थ कसा काढायचा

आपल्या बेळगाव, खानापूर, निपाणीकडची पोरं ऑनलाइन गेममध्ये कोसोवो नाहीतर अल्बानियाच्या पोरांशी खेळतात, आणि मधेच असा एखादा मेसेज येतो की ट्रान्सलेटरमध्ये टाकला तरी डोक्यात काही शिरत नाही. लगेच दुसरं ॲप शोधू नका, आधी वाक्य नीट बघा.

सुरुवात स्पेलिंगपासून. लिपी रोमनच, अक्षरं 36, पण त्यात डोक्यावर दोन टिंबं असलेला ई आणि खाली शेपटी असलेला सी ही वेगळी अक्षरं आहेत, आणि लोकं मोबाईलवर टिंबं-शेपटी सरळ गाळतात. ती घालून परत शोधा. एल एक की दोन तेही बघा. एका एलचा 'माल' म्हणजे डोंगर, दोन एलचा 'मल्ल' म्हणजे आपला माल, सामान, आणि त्याच स्पेलिंगचा दुसरा अर्थ ओढ. 'म का मार मल्ली पर ती' असं कुणी लिहिलं तर सामानाचं काही नाही, तुझी लई आठवण येतेय असं आहे ते. डिक्शनरीत मात्र 'मल्ली' नाही, 'मल्ल' बघायचं, शेवटचा आय (उच्चार ई) हा आर्टिकल आहे, इंग्रजीतल्या 'द' सारखा, फक्त तो नामालाच मागून चिकटतो. क्रियापद 'मी' च्या रूपात शोधायचं.

सगळ्यात जास्त घोळ बारक्या शब्दांचा. 'त दुआ' म्हणजे माझं तुझ्यावर प्रेम आहे, आणि 'दुआ त श्कोय' म्हणजे मला जायचंय! शब्द तेच, पण 'त' आधी आला तर 'तुला', आणि 'दुआ'च्या मागून येऊन पुढं क्रियापद असलं तर ते जायचं-करायचं वालं रूप. त्यामुळं एकेक शब्द सुटा करून शोधू नका, शेजारच्या शब्दासकट बघा.

तरीही जमेना तर माणूस कुठला ते विचारा. 1972 साली ठरलेली प्रमाण भाषा मुख्यतः दक्षिणेकडच्या तोस्क बोलीवर उभी आहे, कोसोवो आणि उत्तर अल्बानियात गेग बोलतात. तिथं 'दुआ त श्कोय' हेच वाक्य 'दू मे श्कू' होतं, आणि प्रमाण भाषेत 'मे' म्हणजे 'सोबत', मग मशीन गोंधळतं. आपलं 'काय करूलास' पुण्याच्या पुस्तकात सापडत नाही, तसंच हे.

एक गोष्ट आपल्या फायद्याची. तुर्कांच्या राज्यात तिकडं गेलेले फारसी-अरबी शब्द आपल्याकडंही आहेत, दुकान, पडदा, हिशोब, बक्षीस, थोडे उच्चार बदलून सगळे तिथं भेटतात. एक्स आणि एच जोडून आला तर 'ज' वाचा, जे आला तर 'य', मग मोठ्यानं म्हणून बघा, कधीकधी शब्द आपोआप ओळखू येतो.

शेवटी त्या भाषेच्या माणसाला विचारायचं झालं तर नुसतं वाक्य पाठवू नका, आधीचे दोनतीन मेसेज पण द्या आणि 'हे तू कुणाला, कधी म्हणशील' असं विचारा.