खोलीभाडे कोणाचे, हे यादीतच लिहावे
नाशिकला लग्नासाठी आलेल्या पाहुण्याकडे लॉजच्या काउंटरवर भाडे मागितले गेले, की तो अवघडतो आणि यजमानांनाही ओशाळे व्हावे लागते. म्हणून याद्या करतानाच, मानपानाच्या नोंदींशेजारी, कोणत्या पक्षाने किती खोल्या घ्यायच्या आणि त्या सीमांतपूजनाच्या दुपारपासून लग्नाच्या दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंतच, हे लिहून ठेवावे. मग लॉजला पाहुण्यांची नावे देऊन भाडे आपल्या खात्यावर मांडायला सांगावे. जादा मुक्काम आणि खोलीत मागवलेले जेवण पाहुण्यांकडे राहील, हे आमंत्रणाच्या फोनवरच सौम्य शब्दांत सांगावे. माझ्या मते सर्वांत महत्त्वाचे हेच. २०२७च्या सिंहस्थात पंचवटीत गर्दी राहील, तेव्हा तोंडी आश्वासनावर न विसंबता आगाऊ रकमेची पावती घ्यावी.