जुन्या रिळांतले सेकंद मोजताना

आजोबांनी १९७०च्या दशकात सुपर ८ या घरगुती चित्रणाच्या छोट्या फिल्म कॅमेऱ्यावर घेतलेली नऊ रिळं आत्याच्या माळ्यावर सापडली आणि त्यांतून माझं पहिलं काम उभं राहिलं. जुन्या फुटेजमधून काही घडवू पाहणाऱ्यांसाठी हे लिहितेय.

आधी कळकळीनं सांगते, सापडलेलं रीळ लगेच प्रोजेक्टरवर चढवू नका. जुनी फिल्म आकसलेली असते, कडेची भोकं फाटतात. डबा उघडून वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट वास आला, तर ॲसिटेट, म्हणजे फिल्मची मूळ पट्टी, कुजायला लागलंय असं समजा. ते रीळ बाकीच्यांपासून दूर ठेवा आणि सगळ्यात आधी तेच स्कॅन करून घ्या. सुपर ८ची घरगुती रिळं बहुतेक सेकंदाला १८ फ्रेमनं घेतलेली असतात. एडिटिंगमध्ये सेकंदाला २४ फ्रेमच्या टाइमलाइनवर फ्रेमला फ्रेम लावली, तर माणसं धावत सुटतात.

माझं चुकलं ते एडिटिंगला बसल्यावर. देखणे शॉट निवडले, खाली सतार लावली, तीन दिवसांत काम संपवलं. आत्यानं पाहिलं आणि म्हणाली, "छान आहे गं, पण हे आपलं घर वाटत नाही." फार लागलं ते. सगळं मोडलं आणि वही घेऊन बसले. शॉट कितवा, किती सेकंदांचा, कोण दिसतंय, कॅमेरा कुठे थांबला, सगळं लिहीत गेले. दोन महिने लागले.

तेव्हा आजोबा दिसायला लागले. एका कार्ट्रिजमध्ये, म्हणजे कॅमेऱ्यात बसवायच्या फिल्मच्या डबीत, ५० फूट फिल्म, म्हणजे १८च्या वेगानं ३ मिनिटं २० सेकंद. प्रत्येक सेकंदाला पैसे पडत. आत्याच्या वाढदिवसाला ५ सेकंद. गणपतीला १२. आणि दारात आलेल्या नव्या स्कूटरच्या पूजेला ६८! एका कार्ट्रिजचा तिसरा हिस्सा. कशाचं मोल किती, हे त्यांनी फिल्ममध्येच मोजून ठेवलं होतं, आणि मी ते कापून टाकलं होतं.

एस्फिर शूब या रशियन दिग्दर्शिकेनं १९२७ साली झारच्या राजवटीतल्या जुन्या चित्रणातून त्याच राजवटीच्या पतनाचा चित्रपट उभा केला. त्यासाठी तिनं हजारो मीटर फिल्म पाहिली. या कामात पाहण्याला वेळ द्यावाच लागतो.

हक्कांचंही बघा. बाजारात रीळ विकत घेतलं, तरी स्वामित्वहक्क आपोआप मिळत नाही. आपल्याकडे प्रकाशित चित्रपटावर तो प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं असतो. घरच्या रिळांत मात्र दिसणाऱ्या माणसांना विचारा. कायदा काहीही म्हणो.

शेवटी शॉट लांबीप्रमाणे लावले, सर्वांत छोटा आधी. स्कूटर सगळ्यात शेवटी येते. सतार काढून टाकली. तिथे आत्याचा आवाज आहे. स्कूटरसाठी नंबर लावून किती वर्षं वाट पाहिली ते ती सांगते, आणि हॅण्डलला हार घालणारा हात कुणाचा, तेही.