पंढरपूरला मुक्कामी जायचंय? मग असं ठरवा

पुण्याहून पहाटे निघायचं, दुपारी रांगेत उभं राहायचं, देवाच्या पायांवर डोकं टेकवून संध्याकाळच्या आत अक्कलकोट नाहीतर तुळजापूर गाठायचं. पंढरपूरच्या बहुतेक सहली अशाच होतात. मीसुद्धा पहिल्या काही खेपा अशाच केल्या. दर्शन झालं, पण गाव बघायचं राहून गेलं. जो अठ्ठावीस युगं विटेवर उभा आहे, त्याच्या गावी आपण तीन तास काढावेत, ही रुखरुख नंतर फार लागली. म्हणून आता कुणी विचारलं की मी पहिली गोष्ट हीच सांगते: निदान दोन रात्रींचा मुक्काम करा. बाकी सगळं नियोजन त्या दोन रात्रींभोवती बसतं.

आधी तिथी बघा, मग सुट्टी टाका

पंढरीच्या मोठ्या वाऱ्या चार: चैत्री, आषाढी, कार्तिकी आणि माघी. वारीचा अनुभव घ्यायचा असेल तर दिंडीत नाव घालून पायी जा. ती वेगळी तयारी आहे आणि ती याच लेखात उरकण्यासारखी नाही. पण गाडीने जाऊन, राहून, शांतपणे सगळं बघायचं असेल तर हे दिवस टाळा. आषाढीला दर्शनाची रांग गावाबाहेर गोपाळपूरच्या पत्राशेडपर्यंत जाते. शिवाय आषाढी-कार्तिकीच्या काळात देवाचा पलंग काढलेला असतो. देव भक्तांसाठी रात्रंदिवस उभा राहतो, त्यामुळे काकडा आणि शेजारती बंद असतात. यात्रेनंतरची प्रक्षाळपूजा झाली की नित्योपचार पुन्हा सुरू होतात. काकडा ऐकायला म्हणून गेलेल्या माणसाला हे ठाऊक नसेल तर हिरमोड होतो.

माझी पसंती मार्गशीर्षाला. कार्तिकीची गर्दी ओसरलेली असते, हवा गार असते, आणि या महिन्यात देव गोपाळपूरच्या वाटेवरच्या विष्णुपदावर मुक्कामाला असतात अशी श्रद्धा आहे. त्यामुळे नदीकाठी डबे घेऊन आलेली कुटुंबंच्या कुटुंबं दिसतात. वसंत पंचमीला विठ्ठल-रुक्मिणीचा विवाहसोहळा होतो आणि तिथून रंगपंचमीपर्यंत देवाला पांढरा पोशाख असतो, तेही बघण्यासारखं. गुढीपाडव्यापासून मृग नक्षत्रापर्यंत उन्हाळ्याचा दाह नको म्हणून देवाला चंदनाची उटी लावतात. देवाला उन्हाळा लागतो आणि आपण त्याला चंदन लावायचं, हा भाव मला फार जवळचा वाटतो. पण सोलापूर जिल्ह्यातलं एप्रिल-मेचं ऊन लहान मुलांना आणि वयस्करांना सोसत नाही, हे ध्यानात ठेवा.

महिना कुठलाही असो, दोन्ही एकादश्या, शनिवार-रविवार आणि नाताळची सुट्टी सोडून मधला वार धरा.

जाणं आणि उतरणं

पंढरपूर रेल्वेने कुर्डुवाडी-मिरज मार्गावर आहे. मुंबई-पुण्याकडून सोलापूरच्या गाडीने कुर्डुवाडी जंक्शनला उतरून पुढे रेल्वे किंवा एसटी धरता येते. पुण्याहून रस्त्याने साधारण २१० किलोमीटर, सोलापूरहून सत्तरेक.

उतरायला मंदिर समितीचं भक्तनिवास आहे, शेगावच्या गजानन महाराज संस्थानाचं भक्तनिवास आहे, शिवाय मठ, धर्मशाळा आणि लॉज भरपूर. खोली घेताना फोनवर एकच प्रश्न विचारा: महाद्वारापासून चालत किती मिनिटं? "मंदिराजवळच आहे" या उत्तरावर थांबू नका. एकदा मी थांबले आणि आईला घेऊन भर उन्हात गावाच्या दुसऱ्या टोकापासून चालत आले. तिचे गुडघे दुखावले ते दोन दिवस बरे झाले नाहीत. वयस्कर माणूस बरोबर असेल तर लिफ्ट आहे का, नसेल तर तळमजल्यावर खोली मिळेल का, हेही तेव्हाच विचारा.

पहिली संध्याकाळ: नदी, पुंडलिक, पायरी

मंदिराकडे लगेच धावू नका. जुनी रीत अशी की आधी चंद्रभागा, मग पुंडलिक, मग नामदेव पायरी आणि त्यानंतर विठोबा. ही रीत पाळली की सगळ्याची संगती लागते, कारण पुंडलिकाने वीट फेकली म्हणून तर देव इथे थांबला.

भीमा नदी इथे चंद्रकोरीसारखी वळते, म्हणून ती चंद्रभागा. पाणी कमी असताना मधे वाळवंट उघडं पडतं आणि पुंडलिकाच्या मंदिरापर्यंत चालत जाता येतं. पावसाळ्यात उजनी धरणातून पाणी सोडलं की हेच मंदिर पाण्यात जातं, तेव्हा घाटावरूनच हात जोडायचे. नदीत उतरताना जपा. वाळू उपशाने पडलेले खड्डे वरून दिसत नाहीत आणि पाऊल एकदम खोलात जातं. यात्रेनंतर पाणी स्वच्छ नसतंच. ओंजळभर पाणी डोक्याला लावलं तरी स्नान घडलं असं माझी आजी मानायची, तेच मीही करते.

काठावर गंध लावणारी मुलं पितळी तबक घेऊन फिरतात. ठसा गोपीचंदनात बुडवून कपाळावर टेकवायचा आणि बोटाने मधे काळा बुक्का लावायचा, हे एका क्षणात होतं. गंधाचा गारवा मात्र बराच वेळ कपाळावर राहतो. सुटे पैसे जवळ ठेवा.

मग महाद्वार घाटाने वर या. समोर नामदेव पायरी. हिच्याकडे मी मुद्दाम लक्ष वेधते, कारण पदस्पर्श दर्शनाची रांग दर्शनमंडपातून वेगळ्या वाटेने आत जाते आणि फक्त रांगेतून जाऊन आलेल्या माणसाला ही पायरी दिसतच नाही. संतांच्या पायांची धूळ आपल्या माथ्यावर पडावी म्हणून नामदेवांनी देवाच्या दारातली पायरी होऊन राहणं पत्करलं. या पायरीवर पाय देत नाहीत, ती ओलांडून जातात. मुलांना हे आधी सांगून ठेवा.

पायरीच्या समोरच चोखोबांची समाधी आहे. मंगळवेढ्याला कुसू कोसळून चोखोबा गेले आणि नामदेवांनी त्यांच्या अस्थी इथे आणल्या, अशी परंपरा सांगते. जिवंतपणी ज्याला आत जाऊ दिलं नाही, त्याची समाधी दाराबाहेर. इथे थोडं थांबा. हे मंदिर सगळ्यांना खुलं व्हावं म्हणून १९४७ च्या मे महिन्यात साने गुरुजींनी पंढरपुरातच, तनपुरे महाराजांच्या मठात, प्राणांतिक उपोषण केलं होतं. चोखोबांपासून गुरुजींपर्यंत सहाशे वर्षं गेली. आज आपण सहज रांगेत उभे राहतो, तेव्हा हे आठवावं असं मला मनापासून वाटतं.

दुसरा दिवस: दर्शन

दर्शन दोन प्रकारचं. पदस्पर्श म्हणजे गाभाऱ्यात जाऊन पायांवर डोकं ठेवायचं, रांग लांब. मुखदर्शन म्हणजे थोड्या अंतरावरून देव बघायचा. रांग बरीच छोटी. दोन्हींना पैसे लागत नाहीत. "लवकर सोडतो, इतके द्या" असं कुणी म्हणालं तर नमस्कार करून पुढे जा. पूजा, भक्तनिवास आणि दर्शनाच्या नोंदणीसाठी निघण्याआधी समितीचं संकेतस्थळ बघून घ्या.

दिवसाचा क्रम माहीत असला की रांगेतला जीव शांत राहतो. पहाटे काकडा आणि नित्यपूजा, दुपारच्या आधी महानैवेद्य, दुपार कलल्यावर पोशाख, सांजेला धुपारती, रात्री शेजारती. नैवेद्य आणि पोशाखाच्या वेळी रांग थांबते. म्हणून पहाटेच रांगेत लागलेलं बरं. मोबाईल खोलीवर ठेवा, चप्पलही शक्यतो तिथेच. पाण्याची बाटली आणि मधुमेह असेल त्यांनी खायला काहीतरी जवळ ठेवावं. देवाला तुळशीची माळ आणि बुक्का, रुक्मिणीला ओटी, एवढं पुरतं.

रांग सोळखांबी मंडपात आली की गरुडखांब येतो. त्याला मिठी मारायची. आत चौऱ्यांशीचा शिलालेखही आहे. यादवकाळात, इ.स. १२७३ ते १२७७ मध्ये, देवळाला दान देणाऱ्यांची ती नोंद. या दगडाला पाठ घासली की चौऱ्यांशी लक्ष योनींचा फेरा चुकतो, अशा समजुतीने लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या पाठ घासली.

आता गाभारा. पायांशी तुम्हाला दोन-तीन क्षण मिळतील. बहुतेक जण खाली मान घालून येतात, डोकं टेकवतात आणि मान खाली घालूनच बाहेर पडतात. देवाचं तोंड बघायचं राहतं. म्हणून गाभाऱ्याबाहेरच्या चौखांबीत आल्यापासून नजर वर ठेवा. कमरेवरचे हात, कानातली मकरकुंडलं, उंच मुकुट. त्या मुकुटात शिवलिंग आहे अशी वारकऱ्यांची श्रद्धा आहे, म्हणून इथे हरि आणि हर वेगळे नाहीत. मग पायांवर डोकं ठेवा. आईला मी गेल्या खेपेला मुखदर्शनाच्या रांगेतून नेलं. पाय नाही मिळाले म्हणून ती खट्टू होईल असं वाटलं होतं. बाहेर आल्यावर ती म्हणाली, "इतक्या वर्षांत आज पहिल्यांदा त्याला नीट बघितलं गं."

बाहेर पडताना मागच्या बाजूला रुक्मिणीमातेचं वेगळं मंदिर आहे. ती रुसून दिंडीरवनात आली, तिला शोधत देव आले, ही कथा. त्या दिंडीरवनात नदीकाठी लखुबाईचं मंदिर आहे, तिकडेही जाऊन या. देवळाच्या आवारात संत कान्होपात्रेचं तरटीचं झाड आहे, ते विचारून बघा.

दुपार आणि संध्याकाळ

दुपारी विश्रांती घेऊन रिक्षाने गोपाळपूरला जा. टेकडीवर गोपाळकृष्णाचं मंदिर आहे आणि तिथे जनाबाईचं जातं दाखवतात. आषाढी पौर्णिमेला इथेच गोपाळकाला होऊन वारीची सांगता होते. वाटेत विष्णुपद आहे. कैकाडी महाराजांच्या मठातल्या वळणावळणाच्या वाटा आणि मूर्ती मुलांना आवडतात.

संध्याकाळी कीर्तन ऐकायचंच. आषाढी ते कार्तिकी, चातुर्मासात, फडांवर, म्हणजे वारकऱ्यांच्या परंपरागत गटांच्या ठिकाणी, आणि मठांत रोज कीर्तन असतं. एरवी भक्तनिवासात चौकशी करा. अभंग संपेपर्यंत मधे उठू नका. कुणी तुमच्या पाया पडलं तर मागे सरू नका, तुम्हीही वाकून पाया पडा. इथे वय, जात, पद काही न बघता एकमेकांना "माउली" म्हणतात. तुम्हीही म्हणा.

खरेदीला टाळ, बुक्का, कुंकू, अगरबत्ती, चुरमुरे. टाळ घेताना कडेवर कड वाजवून बघा आणि नाद किती वेळ टिकतो ते ऐका. घाईत पिशवीत टाकू नका. तुळशीची माळ घरी जपाला जरूर न्या. गळ्यात घालायची असेल तर विचार करा. वारकऱ्यांत माळ घालणं म्हणजे शाकाहार, एकादशी आणि नेमाने वारी यांचं व्रत घेणं. ती फडावरच्या जाणत्या माणसाच्या हातूनच घालून घ्यावी.

तिसरी सकाळ

काकड्याच्या वेळी एकदा महाद्वारात नुसतं जाऊन उभं राहा, रांग नको. मग सामान आवरून मंगळवेढ्याला निघा. सुमारे २५ किलोमीटर. दुष्काळात सरकारी कोठारं लोकांसाठी उघडणाऱ्या दामाजीपंतांचं मंदिर तिथे आहे, आणि चोखोबा, कान्होपात्रा यांचंही हे गाव. इथली ज्वारी प्रसिद्ध आहे. गाडीत जागा असेल तर पाच-दहा किलो घ्या. सोलापूरला जाणाऱ्या एसटी मंगळवेढ्याहूनच मिळतात, त्यासाठी पुन्हा पंढरपूरला यावं लागत नाही.