बालीत कुणाच्या घरी स्वयंपाक शिकायला जाताय? या चुका टाळा

मी उबुदच्या उत्तरेला राहते. महाराष्ट्रातून येणारे ओळखीचे, आणि ओळखीच्यांचे ओळखीचे, यांना स्वयंपाक शिकायचा असला की गियान्यार भागातल्या एका कुटुंबाकडे घेऊन जाते. हॉटेलातला कुकिंग क्लास वेगळा. तिथे सगळं आधीच चिरून वाट्यांत मांडलेलं असतं, अंगावर ॲप्रन, हातात छापील कृती, आणि दोन-तीन तासांत सहा-सात पदार्थ. ज्यांना ते हवंय त्यांनी खुशाल तिकडे जावं, तिथे कुणी रागावत नाही. घरी येणाऱ्यांनी मात्र पुढचं वाचून यावं, कारण त्याच त्याच चुका बघून मी आता कंटाळले आहे.

हॉटेलचा नाश्ता उरकून दहा वाजता येणं

बालीच्या घरात स्वयंपाक दिवसातून एकदा, पहाटे होतो. बाजार उजाडायच्या आधी भरतो, भात आणि भाजी सकाळीच होऊन जाते. मग ते सगळं झाकून ठेवतात आणि ज्याला जेव्हा भूक लागेल तेव्हा तो वाढून घेऊन जेवतो. सगळे एकत्र पंगतीला बसतील ही अपेक्षाही सोडा, ते फक्त समारंभाला. म्हणजे दहा वाजता आलात तर शिकायला भांडी घासणं उरतं. ‘नाश्ता फुकट आहे, सोडवत नाही’ असं मला सांगणारे लोक आहेत. त्यांनी नाश्ताच खावा.

वाटणाची घाई

बालीच्या स्वयंपाकाचा पाया म्हणजे बासा गेनेप नावाचं वाटण. सांबारचे असतात तसे छोटे कांदे, लसूण, आलं, कुलंजन, ओली हळद, कन्चुर नावाचं आल्यासारखं मूळ, मिरच्या, कमिरी नावाची तेलकट बी, धणे, मिरी, जायफळ, लवंग, तेरासी (आंबवलेल्या कोळंबीचा गोळा), माडाचा गूळ. यादी कुठेही मिळते आणि तिचे फोटो सगळे काढतात. पण चव येते ती चिरण्यातून आणि परतण्यातून, आणि नेमकी तिथेच लोकांना घाई होते.

पुण्याचा एक आयटीतला मुलगा आला होता. हुशार, हौशी, आणि बॅगेत छोटा मिक्सर. घरच्या आजी, म्हणजे दादोंग, बुटक्या स्टुलावर बसून हळद सोलत होत्या. समोर चिंचेच्या लाकडाचा ठोकळा आणि ब्लाकास, म्हणजे इथला जड कोयता. हा म्हणाला, ‘आजी, पाच मिनिटांत करून देतो.’ सगळं भांड्यात कोंबलं. फिरेना म्हणून अर्धा पेला पाणी ओतलं. पिवळंधमक पाणचट काहीतरी तयार झालं. दादोंग हसल्या आणि केळीची पानं तोडायला निघून गेल्या. इथलं माणूस पाहुण्याला ‘नको’ म्हणत नाही, हसतं. तो होकार समजू नका.

पुढे त्याने ते वाटण खोबरेल तेलात टाकलं. पाणी असल्यामुळे ते परतलं जाण्याऐवजी उकळायला लागलं. बुडबुडे दिसले, वास सुटला, त्याला वाटलं झालं. त्या दिवशी साते लिलित करायचे होते: माशाचा खिमा, खवलेला नारळ, थोडं नारळाचं दूध आणि वाटण एकत्र मळायचं, गवती चहाच्या दांड्याला लिंपायचं आणि करवंटीच्या निखाऱ्यावर भाजायचं. याने गरम वाटणच खिम्यात ओतलं. मासा तिथल्या तिथे कडेने पांढरा पडला, म्हणजे अर्धवट शिजला. शिजलेल्या माशाला चिकटपणा राहत नाही. वर नारळाचं दूध अंदाजाने, म्हणजे भरपूर. पहिला दांडा निखाऱ्यावर धरला आणि अख्खा गोळा खाली. दुसरा, तिसरा, तेच. अंगणातल्या कुत्र्यांची चंगळ झाली. उरलेला खिमा दादोंगनी केळीच्या पानात छोट्या पुड्या बांधून वाफवला. त्याला इथे तुम म्हणतात, आणि तो छान झाला. साते लिलितचं मिश्रण सैल झालं तर हाच उपाय आहे, पीठ घालून घट्ट करायला जाऊ नका.

आता मी कसं करते ते सांगते. आधी हळद आणि कुलंजन, कारण तेच सगळ्यात चिवट. रेषांना आडवे पातळ काप करायचे, मग बाकीचं त्यावर घालून कोयत्याने चिरत राहायचं, बाजूला पसरलं की गोळा करून पुन्हा. तुकडा दाताखाली जाणवला पाहिजे, पण आलं कुठलं आणि कुलंजन कुठलं हे कळता कामा नये. धणे-मिरी-जायफळ वेगळं, चोबेकमध्ये, म्हणजे दगडी खलात. आल्यापेक्षा कुलंजन जास्त घेते आणि कन्चुर सगळ्यात कमी, कारण ते जरा वाढलं तरी औषधी काढ्याची चव येते. मग खोबरेल तेलात, मंद आचेवर, सालाम नावाच्या झाडाचं सुगंधी पान आणि ठेचलेला गवती चहा घालून परतायचं. हळदीचा कच्चा उग्र वास जाऊन तेल कडेला सुटेपर्यंत. यजमानांच्या कढईएवढं वाटण असेल तर पाऊण तास सहज जातो. मग पूर्ण गार करायचं आणि तेव्हाच खिम्याला लावायचं. खिमा हाताला तार येईपर्यंत मळायचा.

घरी परतल्यावर मिक्सर वापरलात तर मी पोलीस बोलावणार नाही. फक्त पाण्याऐवजी तेल घाला आणि थांबत थांबत फिरवा. पण शिकायला आलात तेव्हा कोयता धरा. हात दुखला तर दुखू दे.

नैवेद्याआधी तोंडात टाकणं

हे खरं तर आपल्याला सांगायला नको. तरीही सांगावं लागतं, कारण परदेशात आलं की आपली माणसं घरचं वळण विमानतळावर ठेवून येतात. भात शिजला की इबू, म्हणजे घरातली आई, केळीच्या पानाचे छोटे चौकोनी तुकडे घेते, प्रत्येकावर चिमूटभर भात, त्या दिवशी जे शिजलंय त्यातलं थोडं, मीठ. हे साईबान. चुलीवर, पाण्याच्या जागी, वाटायच्या दगडाशी, तांदळाच्या साठ्याशी, देवघराकडे, दारात अशा जागी ते ठेवतात आणि मगच घरातलं कुणीही जेवतं. स्वयंपाकघर, म्हणजे पाओन, ही ब्रह्माची जागा मानतात, कारण तिथे अग्नी आहे. तुम्ही मधेच कढईत चमचा घालून ‘वा, मस्त!’ म्हणालात तर कुणी बोलणार नाही. फक्त इबू नैवेद्यापुरतं गुपचूप वेगळं शिजवायला घेईल आणि तिचं काम वाढेल.

दारातल्या आणि वाटेवरच्या चानांगच्या, म्हणजे देवाला वाहिलेल्या फुलांच्या, टोपल्या ओलांडायच्या नाहीत, वळसा घालायचा. पाळी चालू असेल तर देवळात जायचं नसतं आणि नैवेद्याच्या कामाला हात लावायचा नसतो. इबूला बाजूला घेऊन सांगा, ती कांदे सोलायला बसवते. सेल्फीसाठी देवघराच्या पायऱ्या चढणाऱ्यांबद्दल मी काही लिहीत नाही.

‘आम्ही वेज आहोत’ हे ताट समोर आल्यावर सांगणं

बाली हिंदू आहे म्हणजे साधा वरण-भात मिळेल, अशी समजूत घेऊन किती लोक येतात! इथला सणाचा मुख्य पदार्थ डुक्कर आहे. रोजच्या भाजीतही तेरासी असते, म्हणजे खारवून आंबवलेल्या कोळंबीचा गोळा. वाटणात तेरासी, चटणीत तेरासी, उकडलेल्या भाज्या आणि नारळाच्या उराबमध्येही तेरासी. एका गटाने सगळं होईपर्यंत काहीच सांगितलं नाही. मग एका काकूंनी विचारलं, ‘यात काही नाही ना?’ इबूने प्रामाणिकपणे सांगितलं. काकूंनी ताट सरकवलं आणि वर विचारलं, ‘तुम्ही हिंदू ना, मग डुक्कर कसं खाता?’ मला जमिनीत गाडून घ्यावंसं वाटलं. आपल्या गावच्या जत्रेला बकरं पडतं ते काकूंना माहीत नव्हतं असं नाही.

आदल्या दिवशी सांगा. बाजारात जातानाच सांगा, कारण वाटण सुरुवातीपासून वेगळं करावं लागतं, नंतर त्यातून तेरासी काढता येत नाही. ‘तान्पा तेरासी’, म्हणजे तेरासीशिवाय, हे दोन शब्द पाठ करा. मांस, मासे, अंडं यातलं काय चालतं तेही एकेक करून सांगा. नुसतं ‘वेज’ म्हटलं की चिकनच्या पाण्यात शिजलेली भाजी येते आणि त्यात यजमानांचा काही दोष नसतो. मग मात्र मजा आहे: तेम्पे (आंबवलेल्या सोयाबीनची वडी), टोफू, कच्च्या फणसाची भाजी, शेवग्याचा पाला, केळीचा गाभा. केळीच्या गाभ्याचं आरेस मात्र बहुतेक वेळा मांसाच्या रश्श्यात करतात, तेव्हा विचारून घ्या.

जैन पाहुण्यांना मी स्पष्टच सांगते की बासा गेनेपच्या नादी लागू नका. कांदा, लसूण आणि चार प्रकारची मुळं काढली तर मागे धणे-मिरीच उरतात. त्यापेक्षा जाजा शिका, म्हणजे इथले गोड पदार्थ. लाकलाक तांदळाच्या पिठाचं, आप्पेपात्रासारख्या खळग्यांच्या मातीच्या तव्यावर करतात, वरून खवलेला नारळ आणि गुळाचा पाक. काळ्या तांदळाची खीर, बुबुह इंजिन, तर कुणीही खावी.

तारीख न बघता तिकीट काढणं

पाडव्याची सुट्टी जोडून बालीला येणाऱ्यांनो, इकडे लक्ष द्या. बालीचं शक वर्षही आपल्याच आसपास बदलतं. 2025 मध्ये न्येपी, म्हणजे इथला वर्षारंभाचा दिवस, 29 मार्चला होती आणि आपला पाडवा 30 ला. 2026 मध्ये दोन्ही 19 मार्चला. न्येपीला चोवीस तास विस्तव पेटवायचा नाही, दिवे नाहीत, रस्त्यावर यायचं नाही, विमानतळसुद्धा बंद. त्या दिवशी स्वयंपाक शिकवा म्हणून मेसेज आला होता. मी उत्तर दिलं नाही.

गालुंगान हा इथला मोठा सण उलट शिकण्यासारखा, पण अटींवर. तो 210 दिवसांनी येतो, म्हणून इंग्रजी तारीख सरकते. 2025 मध्ये 23 एप्रिल आणि 19 नोव्हेंबर असा दोनदा आला. आदल्या दिवशी पहाटे डुक्कर कापतात आणि पुरुष मंडळी लावार करायला बसतात. घराघरांतून कोयत्यांचा ठकठक आवाज येत असतो. तेव्हा ‘हळद किती ग्रॅम?’ असं विचारू नका. कुणाला वेळ नसतो आणि ग्रॅममध्ये कुणी मोजतही नाही. नारळ खवा, कांदे सोला, पाणी आणा आणि बघा. मी सगळ्यात जास्त अशाच दिवशी शिकले.

लावारबद्दल दोन गोष्टी. उकडलेल्या भाज्या, भाजलेला नारळ, मांस आणि वाटण वेगवेगळं तयार ठेवून अगदी शेवटी हाताने कालवतात, कारण कालवल्यावर ते काही तासच टिकतं. डबा भरून हॉटेलवर नेऊन रात्री खायची कल्पना सोडून द्या. दुसरं, लाल लावारमध्ये कच्चं रक्त असतं. डुकराच्या कच्च्या रक्तातून स्ट्रेप्टोकॉकस सुइस नावाचा जंतू माणसाला लागू शकतो, त्याने मेंदूज्वर होतो आणि ऐकूही कमी येऊ शकतं. बालीत असे रुग्ण सापडले आहेत. पांढरं लावार मागा. त्यात कमीपणा नाही, घरातलेही बरेच जण तेच खातात.

झटपट काही

गवती चहाची हिरवी पात चिरू नका, ती चहाला. इथे खालचा पांढरट दांडा लागतो.

कमिरी कच्ची चाखू नका, पोट बिघडतं.

तेरासी आधी भाजून घ्या. घरभर वास सुटतो, सुटू दे.

सांबाल माताह, म्हणजे इथली कच्ची चटणी, ठेचायची नसते. कांदा, मिरची, गवती चहा पातळ चिरायचं आणि वरून कडकडीत खोबरेल तेल. ठेचलेलं मला वाढू नका.

यजमानांशी पैशांची घासाघीस नको. पाकीट उजव्या हाताने द्या. सोबत साखर, कॉफी किंवा तांदूळ न्या, आपल्याकडचा काजूकतलीचा डबाही चालतो. मुलांनी तो दारातच फोडलेला मी पाहिला आहे.

घरी परतल्यावरची उचापत

ओली मुळं, पानं बॅगेत लपवून आणू नका, त्याला वनस्पती-विलगीकरणाचे नियम आहेत. गूळ सिंधुदुर्गात किंवा गोव्यात माडाचा मिळतो, तो चांगला चालतो. कमिरीऐवजी काजू घ्या. कन्चुर हवं असेल तर केरळी दुकानात कच्चोलम मागा, सुकवलेलं मिळतं. काष्ठौषधीवाला त्याऐवजी कपूरकाचरी पुढे करेल, ती वेगळी वनस्पती आहे, घेऊ नका. कुलंजनाच्या जागी जास्तीचं आलं घातलं तर आल्याचंच कालवण होतं.

सालामच्या पानाला पर्याय म्हणून कुणी तमालपत्र सांगतं, कुणी कढीपत्ता. सालाम हे जांभळाच्या कुळातलं झाड, त्याचा या दोघांशी काही संबंध नाही आणि वासही जुळत नाही. पान मिळालं नाही तर पानाशिवाय करा.