प्रेमाविषयीची परस्परविरोधी मते पटकथेत कशी परिपक्व करावीत

प्रणयप्रधान विनोदी चित्रपटाची पटकथा लिहिताना नायक-नायिकेची प्रेमाविषयीची मते परस्परविरोधी ठेवणे अवघड नसते. ती मते वाढवत, बदलत नेणे हे लेखकाचे खरे काम आहे. त्यासाठी प्रथम प्रत्येक मताला अनुभवाचे मूळ द्यावे. सदाशिव पेठेतील नायिकेने आईवडिलांचा पत्रिका जुळवून झालेला, तरीही समाधानाचा संसार पाहिला असेल, तर प्रेम सहवासातून निर्माण होते असे ती मनापासून मानेल; कोथरूडच्या नायकाने थोरल्या बहिणीचे ठरवून झालेले लग्न मोडताना पाहिले असेल, तर पूर्ण खात्रीशिवाय लग्न नको, या मतावर तो ठाम राहील. दोघांचेही म्हणणे प्रेक्षकाला पटलेच पाहिजे, कारण एकाला शहाणा आणि दुसऱ्याला हेकेखोर ठरवले की वाद सुरू होण्याआधीच निकाली निघतो.

यानंतर दोघांना बांधून ठेवणारी मुदत शोधावी आणि ती व्यवहारातूनच घ्यावी. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यानुसार नोटीस दिल्यावर ३० दिवस थांबावे लागते आणि विवाहाला ३ साक्षीदार लागतात. एखाद्या मित्र-मैत्रिणीच्या अशा विवाहाचे साक्षीदार म्हणून नायक-नायिका एकत्र आले, तर त्या मुदतीत प्रत्येकावर स्वतःच्या मताविरुद्धचे काम सोपवता येते. नायिकेला वधूच्या नाराज वडिलांसमोर प्रेमविवाहाची बाजू मांडावी लागेल, आणि ऐनवेळी कच खाणाऱ्या वराला, खात्री सोबत राहूनच येते, हे नायकालाच समजावावे लागेल. समोरच्याचे म्हणणे स्वतःच्या तोंडून ऐकताना उडणारी तारांबळ हा माझ्या मते या चित्रप्रकारातील सर्वांत अस्सल विनोद आहे, आणि मतपरिवर्तनाची सुरुवातही तिथेच होते. भांडणासाठी पुण्यातील झेड ब्रिज या पुलासारखी जागा निवडल्यास आजूबाजूला दुचाकींवर बसलेल्या जोडप्यांमुळे दोघांना आवाज दाबून भांडावे लागेल, त्यामुळे संवादही आटोपशीर होतील.

दोघांमधील बदल एकाच प्रसंगात घडवू नयेत, आणि मतांची सरळ अदलाबदलही करू नये. नायिकेने सहवासावरचा विश्वास टिकवावा, मात्र माणूस स्वतः निवडण्याचा हक्क घरच्यांना ठामपणे सांगावा. नायकाने खात्रीचा आग्रह सैल करताना बहिणीच्या दुःखाचा विसर पडू देऊ नये. कच्चा खर्डा तयार झाल्यावर दोन मित्रांकडून त्याचे अभिवाचन करून घ्यावे आणि दुसऱ्या वेळी भूमिका बदलून द्याव्यात. ज्या वाक्यावर वाचणाऱ्याला आपल्या पात्राची बाजू लंगडी वाटेल, तेथून पुनर्लेखन सुरू करावे.